चामखिळीचं झुडूप, दोनदा विकत घेतलेलं

वॉर्ट-स्टेम्ड सियानोथस, कॅलिफोर्नियातलं एक रानझुडूप. सॅन डिएगोतली तिथल्याच देशी झाडांची एक नर्सरी, एक गॅलनची कुंडी, १६ डॉलर. मी दोनदा घेतलं, म्हणजे ३२ धरा.

पहिलं मीच मारलं. पण अर्धा दोष कुंडीवरच्या चिठ्ठीचा. 'नियमित पाणी द्या' एवढंच छापलेलं, कोणत्या महिन्यांत ते नाही. ऑगस्टच्या उन्हात मला त्याची दया आली आणि रोज संध्याकाळी पाइप धरला. कालपर्यंत हिरवंगार झुडूप एका आठवड्यात तपकिरी. उपटलं तर मुळं काळी, उकळून टाकलेल्या चहापत्तीसारखी. इथे वर्षाला जेमतेम १० इंच पाऊस, तोही हिवाळ्यात. उन्हाळाभर कोरडं राहायची सवय असलेल्या मुळांना गरम, ओल्या मातीत बुरशी गाठते. नर्सरीत सांगायला गेले तर म्हणाले, झाडांची गॅरंटी नसते. बरं.

दुसरं नोव्हेंबरात लावलं, पहिला पाऊस पडून गेल्यावर, उतारावर. खत अजिबात नाही. या जातकुळीच्या मुळांवर गाठी असतात, त्यातले जिवाणू हवेतला नायट्रोजन धरून देतात. पहिल्या उन्हाळ्यात महिन्यातून एकदा, पहाटेच्या गारव्यात पाणी. नंतर तेही बंद.

आता तिसरं वर्ष. पानं नखाएवढी, जाड, टोकाला किंचित खाच. फांदीवर बोट फिरवलं की खरखरीत चामखिळी लागतात, नाव त्यावरूनच. फेब्रुवारीत पांढरे झुबके येतात, प्रत्येक फुलाच्या मध्ये काळसर ठिपका आणि सगळीकडे मधमाश्या. मूठभर फुलं ओल्या हातावर चोळली तर चक्क फेस येतो, रिठ्यासारखा. (कुळ मात्र आपल्या बोरीचं.)

हे सॅन डिएगोच्या किनारपट्टीवर आणि खाली मेक्सिकोतल्या बाहा कॅलिफोर्नियात, एवढ्यातच उगवतं, आणि त्यातल्या बऱ्याच टेकड्यांवर आता घरं आहेत. आधी बघायचं असेल तर टॉरी पाइन्स या सॅन डिएगोच्या किनाऱ्यावरच्या राखीव जंगलातल्या पायवाटांवर सापडेल. तिथली फांदी तोडू नका, नर्सरीतूनच घ्या.

झुडपाला पाच तारे, चिठ्ठीला एक. पाच गॅलनची मोठी कुंडी दाखवतील, ती घेऊ नका. लहान रोप लवकर रुजतं. आणि बागेत ठिबक लावलेलं असेल तर त्या नळीपासून लांबच लावा.