क्रीमचं फ्रूट सॅलड: जिलेटिन की चायना ग्रास?

वीस पाहुण्यांसाठी वडीसारखं कापता येईल असं सॅलड करायचंय, काय घालू, असं वहिनीने विचारलं.

जिभेवर विरघळण्यात जिलेटिनला तोड नाही. चायना ग्रास ठिसूळच लागतो.

पण मे महिन्यात जिलेटिन फ्रिजबाहेर पाघळतं. चायना ग्रास तसाच उभा राहतो. ताजा अननस, पपई, किवी घातली तर जिलेटिन घट्टच होत नाही (डब्यातला अननस चालतो). चायना ग्रासला ही अडचण नाही. तो मात्र उकळून पूर्ण विरघळवावा आणि क्रीम कोमट घ्यावं. थंड क्रीमने हमखास गुठळ्या होतात.

जिलेटिन जनावरांच्या हाडा-कातड्यांचं, चायना ग्रास समुद्री शेवाळाचा. पंक्तीत एकही शाकाहारी असेल तर चायना ग्रासच. घरचेच चौघे, सगळं खाणारे, फ्रिजमधून थेट वाटीत, तर जिलेटिन.