रणगाड्याचा नेम: माऊस की जॉयस्टिक?

संगणकावर रणगाड्याचे सिम्युलेटर चालवणाऱ्या नाशिकच्या मंडळींत एक प्रश्न हमखास निघतो: गनरच्या, म्हणजे तोफ डागणाऱ्याच्या, जागेवर बसल्यावर हाती माऊस असावा की वेगळी जॉयस्टिक घ्यावी? देवळालीच्या तोफखान्यामुळे या शहराला गोळाबारीचे कुतूहल आहेच, आणि अहिल्यानगरचे रणगाडा संग्रहालय पाहून आलेल्याला हा छंद लवकर जडतो. मी दोन्ही साधने भरपूर वापरली आहेत, तरी माऊसची बाजू आधी मांडणे न्याय्य ठरेल.

थांबलेल्या लक्ष्यावर नेम धरण्यात माऊसइतके चपळ दुसरे काही नाही. नकाशावर तुकडी हलवायलाही तोच सोयीचा पडतो. टी-72 या सोव्हिएत रणगाड्याच्या काही जुन्या आवृत्त्यांत लेझर अंतर मोजून देते, परंतु धावत्या लक्ष्याच्या किती पुढे नेम धरायचा, म्हणजे लीड किती द्यायचे, हे गनरलाच दुर्बिणीतील खुणांवरून ठरवावे लागते. तेथे योग्य ती खूण लक्ष्यावर आणून गोळा सोडला की काम भागते आणि ते माऊसने उत्तम साधते. ज्याला केवळ असेच रणगाडे चालवायचे आहेत, त्याने जॉयस्टिकवर पैसे खर्च करण्याची गरज नाही, असे मला वाटते.

खरी अडचण एम-1 अब्रॅम्ससारख्या रणगाड्यात येते. सेकंदाला सुमारे 1500 मीटर जाणाऱ्या गोळ्याला दीड किलोमीटर कापायला साधारण एक सेकंद लागतो. तेवढ्या वेळात ताशी 36 किलोमीटर वेगाने आडवे धावणारे वाहन 10 मीटर पुढे सरकलेले असते, आणि टी-72 चा सांगाडा तर जेमतेम 7 मीटर लांबीचा आहे. हे गणित एम-1 मध्ये बॅलिस्टिक कॉम्प्युटर करतो खरा, पण लक्ष्य किती वेगाने आडवे चालले आहे हे त्याला निराळे कोणी सांगत नाही. गनर लक्ष्यामागे बुरूज, म्हणजे तोफ बसवलेला वरचा फिरता भाग, ज्या गतीने फिरवतो, त्या गतीवरूनच कॉम्प्युटर ते ओळखतो. त्यामुळे हात अडखळला, तर कॉम्प्युटर त्या अडखळण्याचेही लीड काढून देतो.

माऊस मला नकोसा झाला तो याच ठिकाणी. काही सिम्युलेटरांत माऊस जितका सरकेल तितकाच बुरूज फिरतो. लक्ष्य डावीकडून उजवीकडे चाललेले असते, आपण संथपणे पाठलाग करत असतो, आणि नेमक्या लेझर मारण्याच्या क्षणी माऊसपॅडची कड लागते. माऊस उचलून परत मागे ठेवावा, तर तेवढ्यात बुरूज थबकतो, मग झटका घेतो, आणि गोळा लक्ष्याच्या मागच्या मातीत जातो. इतर काही सिम्युलेटरांत माऊस मध्यापासून जितका दूर, तितका बुरुजाचा वेग अधिक, अशी योजना असते. त्यात कडेचा प्रश्न सुटतो, पण माऊसला स्प्रिंग नसल्याने मध्य कोठे आहे हे हाताला कळतच नाही, आणि थांबवला असे वाटलेला बुरूज हळूहळू सरकत राहतो.

जॉयस्टिकवर हा त्रास मला जवळजवळ जाणवला नाही. दांडा जितका झुकवावा तितका वेग, आणि तो वेग स्प्रिंगच्या ताणातून बोटांना सतत कळत राहतो. प्रत्यक्ष रणगाड्यातील गनरचे हँडलही याच तत्त्वावर चालते. अंगठ्याखाली लेझर आणि तर्जनीखाली ट्रिगर ही एम-1 मधील मांडणी जॉयस्टिकवर सहज बसवता येते. त्या हँडलवर तळव्याने दाबून धरायचे स्विच असतात. ते क्षणभर सोडले की आधीच्या लक्ष्याचे लीड पुसले जाते. हे न केल्यास पुढच्या, उभ्या असलेल्या लक्ष्यावरचा गोळाही बाजूला जातो. मी ही क्रिया दांड्यावरच्याच एका बटणाला दिली आहे. माऊस वापरताना ती कीबोर्डवर डाव्या हाताकडे जाते, आणि तो हात आधीच दारूगोळा निवडण्यात गुंतलेला असतो.

जॉयस्टिकला स्वतःचे दोष आहेत, हे मान्य केले पाहिजे. मी प्रथम घेतलेल्या स्वस्त दांड्याचा मध्य काही काळाने ढळला आणि हात न लावताही बुरूज फिरू लागला. म्हणून चुंबकीय सेन्सर असलेली, उदाहरणार्थ थ्रस्टमास्टरची टी-16000-एम, पाहावी असे सुचवेन. शिवाय मध्याजवळची संवेदनशीलता सेटिंगमध्ये कमी करून घ्यावी, नाहीतर दूरच्या लक्ष्यावर सूक्ष्म नेम धरताना हात थरथरल्यासारखा वाटतो आणि नवखा माणूस कंटाळून परत माऊसकडे वळतो. गेमपॅडचे दांडे फारच आखूड असल्याने मला ते पटले नाहीत. रणगाडा हाकण्यासाठी मात्र कीबोर्ड पुरेसा आहे. त्यासाठी वेगळे काही घेऊ नये.

खरेदीपूर्वी ओळखीच्या कोणाकडे दांडा हाताळायला मिळाला, तर उभ्या लक्ष्यांवर वेळ घालवू नये. आडवे धावणारे एकच वाहन घ्यावे, लेझर मारण्यापूर्वी दोनतीन सेकंद त्याच्या मध्यावर नेम स्थिर ठेवता येतो का ते पाहावे, आणि मग तेच माऊसने करून पाहावे.