विझार्डची शाखा निवडताना: क्रोनर्जी की डिव्हिनेशन?

डंजन्स अँड ड्रॅगन्स या फाशांवर चालणाऱ्या भूमिका-खेळाच्या पाचव्या आवृत्तीत, 2014च्या नियमांनुसार, विझार्डला (जादूगार पात्राला) दुसऱ्या लेव्हलला शाखा, म्हणजे जादूची खासियत, निवडावी लागते. ज्याला काळाशी खेळायचंय, त्याची गाडी बहुतेक वेळा दोन नावांपाशी अडते. एक डिव्हिनेशन, 2014च्या प्लेअर्स हँडबुकमधली. दुसरी क्रोनर्जी, 2020च्या एक्सप्लोरर्स गाइड टू वाइल्डमाउंटमधली, खेळातल्या काल्पनिक क्रिन राजवटीनं जपलेल्या ड्युनामन्सी (काळ आणि शक्यतांच्या) विद्येतून आलेली. मी दोन्ही शाखा मनापासून खेळले आहे. नशीब दोन्हींत हाती येतं. एकीत फासा पडायच्या आधी, दुसरीत पडल्यावर.

डिव्हिनेशनचा, म्हणजे भविष्यवेधाच्या शाखेचा, जीव पोर्टेंट या क्षमतेत आहे. लाँग रेस्ट (पात्राची रात्रभराची विश्रांती) संपला की वीस बाजूंचा फासा दोनदा टाकायचा आणि आकडे लिहून ठेवायचे. पुढे कुणाच्याही अटॅक, सेव्हिंग थ्रो (स्पेल किंवा धोका टाळायचा रोल) किंवा अ‍ॅबिलिटी चेकच्या (एखादं काम जमतं का ते ठरवणाऱ्या रोलच्या) जागी त्यातला एक वापरता येतो, फक्त तो रोल होण्याआधी सांगावं लागतं. माझ्या वहीच्या कोपऱ्यात एकदा 3 आणि 11 होते. तो 3 मी चार तास जपला. शेवटी शत्रूच्या सेनापतीवर माणसाला जागीच खिळवणारा होल्ड पर्सन हा स्पेल (मंत्र) टाकला, डीएमनं (खेळ चालवणाऱ्यानं) त्याच्या सेव्हसाठी फासा उचलला आणि मी म्हटलं, "थांब, तीन." सेनापती जागच्या जागी खिळला आणि आमच्या फायटरचा (लढवय्या पात्राचा) लागलेला प्रत्येक वार क्रिटिकल, म्हणजे दुप्पट फाशांचा, ठरला. त्या क्षणाची मजा मला दुसऱ्या कुठल्याच शाखेत मिळाली नाही.

क्रोनर्जीचा क्रोनल शिफ्ट याच्या उलट्या बाजूनं चालतो. 30 फुटांच्या आत कुणी रोल केला, तो यशस्वी झाला की फसला हे कळलं, आणि ते तुम्हाला नकोय, तर परत टाकायला लावायचं. दुसरा आकडा बंधनकारक. दिवसातून दोनदा.

आकड्यांत बघा. तुमचा सेव्ह डीसी (तुमचा स्पेल टाळायला समोरच्याला गाठावा लागणारा आकडा) 15 आहे आणि राक्षसाला सेव्हवर +4 मिळतात, म्हणजे त्याला 11 किंवा जास्त हवेत. तो फसण्याची शक्यता 50 टक्के. क्रोनल शिफ्ट हाताशी असेल तर 75 टक्के. पोर्टेंटचा 3 असेल तर तो फसलाच. पण तसा आकडा रोज मिळत नाही. दोन्ही फासे 5 ते 16 या मधल्या पट्ट्यात अडकण्याची शक्यता 36 टक्के आहे, म्हणजे तीनातला एखादा दिवस मिळमिळीत जाणार. क्रोनर्जीवाल्याला रोज तीच दोन हत्यारं मिळतात, आणि ती गरज पडल्यावरच खर्च होतात. नवख्या खेळाडूला हे फार सोपं पडतं.

एक गोष्ट मात्र सुरुवातीला कुणी सांगत नाही. क्रोनल शिफ्ट तुमची, फेरीत एकदाच मिळणारी, रिअ‍ॅक्शन खातो. वार अडवणारा शील्ड आणि शत्रूचा स्पेल मोडणारा काउंटरस्पेलही त्याच रिअ‍ॅक्शनवर चालतात. सोबत्याचा सेव्ह वाचवलात आणि लगेच तुमच्यावर वार आला, तर तो अंगावर घ्यायचा. पोर्टेंटला रिअ‍ॅक्शन लागत नाही. भरपाई म्हणून क्रोनर्जीत इनिशिएटिव्हला (लढाईत कोण आधी हलतं ते ठरवणाऱ्या रोलला) इंटेलिजन्सचा (बुद्धीचा) बोनस मिळतो, सुरुवातीला 3 धरा, पुढे 5. विझार्डनं पहिलं हलणं म्हणजे अर्धी लढाई.

सहाव्या लेव्हलला डिव्हिनेशन पुढे आहे. भविष्यवेधी स्पेल वापरला की खालच्या लेव्हलचा खर्च झालेला एक स्लॉट (स्पेल टाकायची मुभा) परत मिळतो. समोरच्याला क्षणभर गोठवणारा क्रोनर्जीचा मोमेंटरी स्टेसिस अख्खी अ‍ॅक्शन घेतो, कॉन्स्टिट्यूशनच्या (शारीरिक दमाच्या) सेव्हवर चालतो, आणि जरा इजा झाली की सुटतो. पळणाऱ्याला पकडायला ठीक.

दहाव्या लेव्हलला चित्र पालटतं. डिव्हिनेशनला तिसरा डोळा मिळतो, अंधारात किंवा अदृश्य गोष्टी बघायला. बरा आहे. क्रोनर्जीला आर्केन अबेयन्स मिळतो: चौथ्या लेव्हलपर्यंतचा स्पेल टाकायच्या क्षणी गोठवून करड्या मण्यात बंद करायचा. मणी तासभर टिकतो, आणि ज्याच्या हातात असेल तो एका अ‍ॅक्शनमध्ये स्पेल सोडतो. डीसी तुमचा, पण स्पेल टाकणारा तो ठरतो, म्हणून कॉन्सन्ट्रेशनही (स्पेल चालू ठेवायचं लक्ष, जे एका वेळी एकाच स्पेलवर राहतं) त्याचंच. मी तुटलेल्या माळेतला एक खराखुरा मणी टेबलवर ठेवला होता. आमच्या फायटरनं तो मुठीत धरला आणि तीन खोल्या पुढे जाऊन रूप बदलणारा पॉलिमॉर्फ सोडला, तेव्हा माझं कॉन्सन्ट्रेशन दुसऱ्या स्पेलसाठी मोकळं होतं. टाकायला एक मिनिट लागणारी टायनी हट, म्हणजे आसऱ्याची जादुई झोपडीसुद्धा, मण्यातून क्षणात उभी राहते. मण्याला हिट पॉइंट (जीव) मात्र एकच, तो जपावा लागतो.

चौदाव्याला डिव्हिनेशनवाला दोनऐवजी तीन फासे टाकतो. क्रोनर्जीवाला थेट ठरवतो की समोरचा रोल जेमतेम जिंकला की एका आकड्यानं हुकला. किंमत म्हणून दर वेळी थकव्याची एक पायरी चढते, ती फक्त लाँग रेस्टनंच उतरते, आणि सहावी पायरी म्हणजे मृत्यू.

तुमचा खेळ आठव्या-नवव्या लेव्हलपर्यंत संपणार असेल, तर डिव्हिनेशन घ्या. 2024च्या हँडबुकमध्येही ती आहे, क्रोनर्जी नाही. दहाच्या पुढे जाणार असाल, आणि दुसऱ्याच्या टर्नलाही तुमचं लक्ष फाशावर राहत असेल, तर बेधडक क्रोनर्जी. फक्त पात्र बनवण्याआधी डीएमला दोन गोष्टी विचारा: वाइल्डमाउंटचं पुस्तक चालेल का, आणि तो मणी फॅमिलियर (जादूनं बोलावलेल्या सोबती) घुबडाच्या पायात दिला तर घुबड स्पेल सोडू शकेल का. नियमात याला आडकाठी नाही, पण बरेच डीएम इथे नाही म्हणतात, आणि ते दहाव्या लेव्हलला कळण्यापेक्षा आज कळलेलं बरं.