व्हरायटी : अकरा महिन्यांच्या वापरानंतरचा अनुभव

उबुंटू या मोफत संगणक प्रणालीवर ठरावीक वेळाने वॉलपेपर बदलणारा ‘व्हरायटी’ हा मोफत प्रोग्राम मी गेले अकरा महिने रोज वापरत आहे. आता लिहायला बसण्याचे कारण म्हणजे मध्यंतरी तो अचानक बंद पडला, आणि तो पुन्हा सुरू करताना त्याच्याविषयीचे माझे एक जुने मत मला बदलावे लागले.

उबुंटूच्या २०.०४ या आवृत्तीला मिळणारा नेहमीचा पाठिंबा मे २०२५ मध्ये संपला, म्हणून मी २२.०४ वर आलो आणि डोळ्यांना बरे वाटते म्हणून डार्क मोड लावला. त्याच दिवसापासून वॉलपेपर बदलेना. वरच्या पट्टीतील चिन्हावर क्लिक केले की मेनूमध्ये दर तासाला नव्या फोटोचे नाव दिसे, पडद्यावर मात्र हरिश्चंद्रगडाचा कोकणकडा तसाच. ओळखीच्या एका दुरुस्तीवाल्याने लॅपटॉप न पाहताच फॉरमॅट मारावा लागेल असे सांगून सहाशे रुपये मागितले. फुकटच्या प्रोग्रामसाठी सहाशे रुपये देणे मला पटले नाही, म्हणून मी स्वतःच शोधायला बसलो.

कारण अगदी साधे निघाले. २२.०४ सोबत येणाऱ्या ग्नोम ४२ पासून (ग्नोम म्हणजे पडद्यावरची मांडणी सांभाळणारा प्रोग्राम) वॉलपेपरच्या दोन वेगळ्या नोंदी असतात, एक उजळ मांडणीसाठी आणि दुसरी डार्क मोडसाठी. डार्क मोड चालू असताना पडद्यावर फक्त दुसरीच दिसते. व्हरायटी वॉलपेपर लावण्याचे काम एका छोट्या स्क्रिप्टकडून, म्हणजे आज्ञा लिहिलेल्या फाइलकडून, करून घेतो. ती स्क्रिप्ट आपल्या होम फोल्डरमधील लपलेल्या ‘कॉन्फिग’ फोल्डरात, व्हरायटीच्या नावाखाली असते. माझ्याकडील स्क्रिप्ट जुनी होती आणि फक्त पहिलीच नोंद बदलत होती. तिच्यात फोटोचा पत्ता नोंदवणारी ‘पिक्चर-युआरआय’ची ओळ मी खाली पुन्हा उतरवून त्या नावाच्या शेवटी ‘-डार्क’ एवढे जोडले, आणि पुढचाच फोटो व्यवस्थित लागला. ज्यांना हीच अडचण आली असेल त्यांनी फॉरमॅटच्या नादी लागण्याआधी ही ओळ अवश्य तपासावी.

बाकीच्या सोयींविषयी थोडक्यात सांगतो. मूळ मांडणीत दर पाच मिनिटांनी फोटो बदलतो. भाषांतराच्या कामात त्याने लक्ष विचलित होते, म्हणून मी एक तास ठेवला आहे. इंटरनेटवरून चित्रे आणणारे सगळे स्रोत मी पहिल्याच आठवड्यात बंद केले, कारण माझे इंटरनेट मोबाइलच्या हॉटस्पॉटवर चालते आणि रोजच्या दीड जीबीतला मोठा वाटा दुपारपर्यंत चित्रांवरच खर्च होत होता. चिन्हावर माउसचे चाक फिरवून मागचा फोटो परत आणता येतो, ही सोय मात्र मी दिवसातून अनेकदा वापरतो.

माझी खरी तक्रार होती ती फोटो कापले जाण्याची. मला माझ्याच घरचे आणि गडांवरचे फोटो पाहायचे असतात. माझ्या लॅपटॉपचा पडदा १३६६ बाय ७६८ ठिपक्यांचा (पिक्सेलचा) आहे, आणि मोबाइलने आडवा काढलेला फोटो ४००० बाय ३००० असतो. तो पडदाभर लावायचा म्हटले की वरून ३७५ आणि खालून ३७५ ओळी जातात, म्हणजे फोटोचा चौथा हिस्सा. उभ्या फोटोची अवस्था याहून वाईट होते, त्याचा निम्म्याहून अधिक भाग जातो. रायगडावर जगदीश्वराच्या दारात आई उभी आहे, असा माझ्याकडे एक उभा फोटो आहे. तो गुडघ्यांच्या त्रासातही ती स्वतःच्या पायांनी गड चढून आली त्या दिवसाचा आहे. पडद्यावर मला त्यात फक्त तिच्या साडीचा पदर आणि काठी धरलेला हात दिसे. चेहरा कधीच दिसला नाही. फक्त आडवे फोटो घेण्याचा पर्याय व्हरायटीत आहे, पण तो निवडला की हा फोटो यादीतूनच जातो. म्हणून दोन महिने रविवारी बसून मी असे ऐंशी फोटो हाताने कापून घेतले, आणि या एका कारणासाठी व्हरायटीला पाचपैकी दोनच गुण द्यायचे असे ठरवले होते.

हे मत आता राहिले नाही. डार्क मोडचा घोळ निस्तरताना पसंतीच्या (प्रेफरन्सेस) खिडकीतील, फोटो पडद्यावर कसा बसवायचा या पर्यायाकडे माझे प्रथमच लक्ष गेले. त्यात फोटो अखंड ठेवून उरलेली जागा त्याच फोटोच्या धूसर प्रतिमेने भरण्याची सोय आहे. ती निवडल्यावर आईचा फोटो पडद्याच्या मधोमध ५७६ ठिपक्यांच्या रुंदीत पूर्ण उभा राहिला आणि दोन्ही बाजूंना मंदिराच्या दगडाचा पुसट करडा रंग पसरला. तिच्या कपाळावरचा घामही त्यात स्पष्ट दिसत होता. मी काम थांबवून बराच वेळ तो फोटो पाहत होतो.

इतक्या उपयोगी पर्यायाकडे नवख्या माणसाचे लक्ष सहज जात नाही, एवढ्यासाठी मी एक गुण कापतो. बाकी चार गुण मनापासून. हाताने कापलेल्या त्या ऐंशी प्रती पुसून मूळ फोटो मी काल पुन्हा फोल्डरमध्ये ठेवले.