गायब होणारी शाई: सातवी 'ब'वर वापरून पाहिली

१ एप्रिलला हजेरी घेता घेता ही निळी शाई मॉनिटरच्या पांढऱ्याशुभ्र शर्टावर उडवली. वर्ग चिडीचूप. पोरगं रडवेलं, "बाई, आई मारेल हो!" बघता बघता डाग फिका पडून नाहीसा झाला, आणि मग जो काही कल्ला झाला! (शेजारच्या वर्गातले सर डोकावून गेले.) यात थायमॉल्फ्थॅलीन नावाचं रंग बदलणारं रसायन असतं, अल्कलीत निळं, हवेतला कार्बन डायऑक्साइड शोषला की रंगहीन. आम्ल-अल्कलीचा धडा आयताच झाला. चार तारे देते, कारण झाकण गळकं आहे, निम्मी बाटली माझ्या पर्समध्येच सांडली. डोळ्यांपासून लांब ठेवा, आणि शर्ट घरी गेल्यावर धुवायला सांगा. मॉनिटर आता दुसरी बाटली मागतोय, मुख्याध्यापकांसाठी.