लंडनची 'बायका आणि फाशी' वॉकिंग टूर: ५ पैकी ४, आणि थोड्या तक्रारी

घाईत असाल तर आधीच सांगते, टूर चांगली आहे, जा. इंग्लंडमध्ये बायकांना कशाकशासाठी आणि कशी मृत्युदंडाची शिक्षा होत होती हा सगळा विषय, सुरुवात टॉवर हिलला, मग ओल्ड बेली कोर्ट, स्मिथफील्ड आणि शेवट मार्बल आर्च. साधारण अर्धा दिवस जातो, मध्ये थोडा ट्यूबचा (मेट्रोचा) प्रवास आहे, ग्रुप छोटा असतो आणि गाइड एक रिटायर्ड इतिहासाच्या शिक्षिका आहेत. कंपनीचं नाव मुद्दाम टाकत नाहीये, कारण खाली तक्रारी पण आहेत आणि छोट्या कंपनीला त्यावरून फटका बसावा अशी माझी अजिबात इच्छा नाही.

माझ्याबरोबर माझी मावसबहीण, म्हणजे ताई, होती, पुण्यात क्रिमिनल साइडची वकिली करते, तिच्यामुळेच ही टूर घेतली. मला आधी धाकधूक होती की रक्त, भुतं, किंचाळ्या असला प्रकार निघाला तर अर्ध्यातून निघून येऊ. तसं काहीच नाही. गाइड बाई एकदाही आवाज बदलून नाटकी बोलल्या नाहीत, प्रत्येक बाईचं नाव, वय, ती काय काम करायची, तिच्यावर आरोप काय आणि कायदा काय होता हे शांतपणे सांगतात, आणि मला वाटतं या विषयाला हाच मान द्यायला हवा.

टॉवर ऑफ लंडनचं (जुना किल्ला, पूर्वी तुरुंगही) तिकीट यात धरलेलं नाही हे लक्षात ठेवा, ते वेगळं ३० पौंडांच्या वर जातं. आम्ही आदल्या दिवशीच आतून बघून आलो होतो आणि तेच बरं झालं. आत टॉवर ग्रीनवर काचेचं एक स्मारक आहे, गोल चकतीवर काचेची उशी ठेवलेली, २००६ मध्ये बसवलंय, आणि काचेवर तिथे मारल्या गेलेल्या १० जणांची नावं कोरलीयत. तीन सैनिक होते त्यांना १७४३ मध्ये गोळ्या घातल्या, उरलेल्या सात जणांचा शिरच्छेद झाला, आणि त्या सातात पाच बायका! अ‍ॅन बोलिन (राजा आठव्या हेन्रीची दुसरी राणी), मार्गारेट पोल (सरदार घराण्यातली), कॅथरीन हॉवर्ड (हेन्रीचीच पाचवी राणी), जेन बोलिन (कॅथरीनच्या सेवेतली, अ‍ॅनची भावजय), जेन ग्रे (नऊ दिवसांची राणी). ज्वेल हाऊसच्या रांगेत कोहिनूर बघायला आपली खूप मंडळी असतात, त्यांनी पाच मिनिटं काढून ही नावं पण वाचावीत असं मनापासून वाटतं.

बाहेर टॉवर हिलवर गाइडने फरक समजावला. पुरुष सरदारांना सहसा तिथे बाहेर, हजारोंच्या गर्दीसमोर मारायचे, राण्यांना मात्र भिंतीच्या आत, निवडक लोकांसमोर. मार्गारेट पोल ६७ वर्षांची म्हातारी बाई होती, १५४१ मध्ये तिला धड एका घावात मारता पण आलं नाही. जेन बोलिनची गोष्ट मला नवीन होती. ती कैदेत असताना तिच्या मनाचा तोल गेला, आणि वेड्या माणसाला मृत्युदंड देता येत नव्हता, तर आठव्या हेन्रीने चक्क नवीन कायदा करून घेतला की राजद्रोह असेल तर वेड लागलेल्यालाही मारता येईल! १३ फेब्रुवारी १५४२ ला कॅथरीन हॉवर्डपाठोपाठ तिलाही मारलं. कॅथरीनने म्हणे आदल्या रात्री शिरच्छेदाचा लाकडी ठोकळा कोठडीत मागवून घेतला होता, मान कशी ठेवायची याचा सराव करायला. विशी पण धड ओलांडलेली नव्हती पोरीने.

पहिली तक्रार इथेच. या भागात वेळ फार जातो. अ‍ॅन बोलिनवर इतक्या सिरीज येऊन गेल्यात की बहुतेक लोकांना ती गोष्ट पाठ आहे, फ्रान्सकडून आणलेला तलवारबाज वगैरे सगळं, आणि त्या नादात शेवटच्या भागाला घाई होते. दुसरी तक्रार इअरफोनची, लडगेट हिलच्या ट्रॅफिकमध्ये नुसती खरखर, तिथे मी तो काढून ठेवला आणि बाईंच्या जवळ जाऊन उभी राहिले. तिसरी म्हणजे मध्ये टॉयलेट ब्रेक ठरलेला नाही, आपणच मागून घ्यावा लागतो.

आता खरा माल. ओल्ड बेलीचं कोर्ट आज जिथे आहे तिथेच न्यूगेटचा तुरुंग होता, तो पाडून १९०७ मध्ये हे कोर्ट सुरू झालं. समोर सेंट सेपल्कर चर्च आहे, आत एका काचेच्या पेटीत एक हातातली घंटा ठेवलीय. फाशीच्या आदल्या मध्यरात्री चर्चचा माणूस तुरुंगात जाऊन कोठडीबाहेर ही घंटा वाजवायचा आणि पश्चात्ताप करा, वेळ आली, अशा अर्थाचे श्लोक म्हणायचा. घंटा अगदी साधी आहे, आपल्याकडे शाळेत शिपाई वाजवायचा तेवढीच. ताई तिथून हलेचना.

इथे गाइड राण्यांवरून कामवाल्या बायकांवर आणि लग्न झालेल्या बायकांवर येतात आणि टूर एकदम वेगळ्याच पातळीवर जाते. त्या काळच्या कायद्यात नवऱ्याने बायकोला मारलं तर तो खून, पण बायकोने नवऱ्याला मारलं, किंवा मोलकरणीने मालकाला मारलं, तर तो छोटा राजद्रोह! कारण नवरा म्हणजे घरातला राजा. आणि राजद्रोहाची शिक्षा बायकांना जाळणं. खोटी नाणी पाडणं हा तर थेट मोठा राजद्रोह, त्यालाही तेच. पुरुषांना मोठ्या राजद्रोहासाठी फासावरून उतरवून फाडायचे, बायकांना ते नाही, का, तर ब्लॅकस्टोन नावाच्या १८ व्या शतकातल्या मोठ्या कायदेपंडिताने कारण लिहून ठेवलंय की स्त्रीचं शरीर असं चारचौघांत उघडं करून कापणं सभ्यतेला धरून नाही. म्हणून जाळायचं. "अगं ब्लॅकस्टोन आम्हाला लॉ कॉलेजात केवढ्या आदराने शिकवलाय," ताई म्हणाली, आणि मग बराच वेळ गप्प.

कॅथरीन हेझ, १७२६. नवऱ्याचा खून, दोन पुरुष साथीदार होते. नवऱ्याचं मुंडकं थेम्समध्ये टाकलं होतं, ते सापडलं आणि ओळख पटावी म्हणून वेस्टमिन्स्टरला चर्चच्या आवारात खांबावर लावून ठेवलं. साथीदारांपैकी एक तुरुंगातच मेला, एकाला फाशी झाली, कॅथरीनला जाळलं. पद्धत अशी होती की जाळण्याआधी दोरीने गळा आवळून मारायचं, पण जाळ भडकला, जल्लादाच्या हाताला चटके बसले आणि त्याने दोरी सोडून दिली. पुढचं मी लिहीत नाही.

शेवटची जाळलेली बाई कॅथरीन मर्फी, मार्च १७८९, गुन्हा खोटी नाणी. नवरा पण त्याच केसमध्ये होता. त्याच सकाळी, न्यूगेटच्या दारात, नवऱ्याला बाकीच्या पुरुषांबरोबर नुसती फाशी. तिला मागून बाहेर आणलं, लटकलेल्या त्या माणसांच्या जवळून नेलं, खांबाशी स्टुलावर उभं केलं, आधी फास दिला आणि मग प्रेत जाळलं. एकच गुन्हा, एकच घर. आपण उभे असतो तिथेच हे झालंय, बाजूने ऑफिसवाले कॉफीचे कप घेऊन चाललेले असतात. त्यानंतर बेंजामिन हॅमेट नावाच्या खासदाराने हा विषय पार्लमेंटमध्ये उचलून धरला, तो स्वतः लंडनचा शेरीफ राहिलेला आणि अशा वेळी हजर राहायची ड्यूटी त्याच्यावर आलेली, आणि १७९० मध्ये बायकांना जाळणं कायद्याने बंद झालं.

अजून एक गोष्ट. वाचता येणाऱ्या पुरुषाला बायबलमधलं ठरलेलं कडवं वाचून दाखवून पहिल्या गुन्ह्याला फाशीतून सुटायची सवलत होती, मूळची पाद्र्यांसाठी. बायका पाद्री होऊच शकत नाहीत म्हणून त्यांना ही सवलत नाही! १६२३ मध्ये किरकोळ चोरीपुरती दिली, पुरुषांच्या बरोबरीने मिळायला १६९० चं दशक उजाडलं. बायकांसाठी एकच दरवाजा होता, पोटात मूल असणं. कोर्टात तसं सांगितलं की अनुभवी बायकांची एक ज्यूरी बसायची, ती तपासायची, बाळाची हालचाल लागली तर फाशी बाळंतपणापर्यंत पुढे. पुढे म्हणजे रद्द नाही हं, जरी बऱ्याच जणींना नंतर माफी मिळायची. गरोदर बाईला फाशीची शिक्षाच द्यायची नाही हा कायदा इंग्लंडमध्ये १९३१ मध्ये आला. ताईने लगेच सांगितलं की आपल्या सीआरपीसीच्या (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या) कलम ४१६ मध्ये पण आधी पुढे ढकलायचंच होतं, जन्मठेप करायची की नाही ते हायकोर्टाच्या मर्जीवर, २००८ च्या दुरुस्तीनंतर ती बदलून जन्मठेपच करायची असं झालं आणि नवीन नागरिक सुरक्षा संहितेतही तेच आहे. गाइडने वही काढून हे लिहून घेतलं, हे मला फार आवडलं.

सगळ्यात जास्त लागली ती एलायझा फेनिंग. २२ वर्षांची स्वयंपाकीण, चान्सरी लेनला एका घरात कामाला. १८१५ मध्ये तिने डंपलिंग (पिठाचे उकडलेले गोळे) केले, खाल्ल्यावर घरातले आजारी पडले, तिने स्वतः पण खाल्ले होते, ती पण आजारी पडली. एकही माणूस मेला नाही. तरी विष घातल्याच्या आरोपावरून फाशी, कारण खुनाच्या प्रयत्नालाही तेव्हा फाशीच होती. पुरावा काय, तर डंपलिंग कापलेल्या सुऱ्या काळ्या पडल्या म्हणजे आर्सेनिक, असं डॉक्टर म्हणाला, आणि ते शास्त्राच्या हिशोबाने चूक होतं. लग्न ठरलेलं होतं तिचं, पांढरा ड्रेस घालून फासावर गेली. तिच्या अंत्ययात्रेला हजारो लोक होते. मालकाचा शब्द विरुद्ध कामवालीचा शब्द, हे ऐकताना मला आपल्याकडच्या घरात काही हरवलं की पहिला संशय कुणावर जातो ते आठवत राहिलं.

स्मिथफील्ड जवळच आहे, चालत. तिथे अ‍ॅन अ‍ॅस्क्यू, १५४६, धर्मावरून जाळली. टॉवरमध्ये तिला रॅक नावाच्या छळयंत्रावर ताणून इतका छळ केला होता की चालता येईना, खुर्चीत बसवून आणावं लागलं. तिने कुणाचंही नाव दिलं नाही. हा स्टॉप पाच मिनिटांत उरकला, जास्त हवा होता.

विसावं शतक गाइड ओल्ड बेलीच्या बाहेर उभं राहूनच सांगतात. ईडिथ थॉम्प्सनच्या नवऱ्याला तिच्या प्रियकराने भोसकलं, हिच्या हातात काही नव्हतं, फक्त हिची पत्रं होती, ती कोर्टात वाचली गेली आणि खुनापेक्षा तिच्या अफेअरचाच खटला चालला असं वाटतं. ११ डिसेंबर १९२२ ला निकाल, ९ जानेवारी १९२३ ला होलोवे तुरुंगात फाशी, महिना पण नाही! रूथ एलिस, जुलै १९५५, वय २८, इंग्लंडमध्ये फाशी गेलेली शेवटची बाई. तिने प्रियकराला गोळ्या घातल्या हे खरंच, पण काही आठवड्यांपूर्वी त्याने पोटात बुक्की मारली आणि तिचा गर्भपात झाला याला कायद्यात जागाच नव्हती. निकालानंतर साधारण तीन आठवड्यांत सगळं संपलं. मानसिक अवस्था बघून खुनाचा आरोप सौम्य करायची सोय १९५७ मध्ये आली, दोन वर्षं उशिरा.

ताईने तिथे कोल्हापूरच्या गावित बहिणींची केस सांगितली, लहान मुलांचे खून, २००१ मध्ये सेशन्स कोर्टात फाशी, २००६ मध्ये सुप्रीम कोर्टात कायम, २०१४ मध्ये दयेचा अर्ज फेटाळला, आणि जानेवारी २०२२ मध्ये हायकोर्टाने सरकारच्या दिरंगाईमुळे जन्मठेप केली. ग्रुपमधल्या एकाने विचारलं की इतकी वर्षं लागतात हे वाईट ना? ताई म्हणाली, "ईडिथला महिना पण मिळाला नाही, तिला विचारा." मला ताईचं पटतं. मुलांच्या आईबापांचं दुःख कमी होत नाही, तरी एकदा दिलेली फाशी परत घेता येत नाही आणि एलायझाची सुरी किती चुकीची होती ते नंतर कळून तिला काय उपयोग झाला.

मार्बल आर्चला टायबर्नचा वधस्तंभ होता, आता रस्त्यांच्या मधल्या बेटावर जमिनीत एक गोल दगड आणि तीन ओकची झाडं आहेत. चौफेर गाड्या, ऐकू कमी येतं.

बुक करणार असाल तर: बारा-तेरा वर्षांखालची मुलं नकोत, जेन ग्रेपर्यंत ठीक आहे पण हेझच्या गोष्टीला ती घाबरतील. आईवडिलांना आणणार असाल तर गुडघ्यांचा विचार करा, बसायला फार जागा नाही. टॉवर वेगळ्या दिवशी करा. ओल्ड बेलीच्या पब्लिक गॅलरीत फुकट बसता येतं पण मोबाईल आत चालत नाही, तर त्या दिवशी फोन कुणाकडे तरी ठेवायची सोय करून जा. आणि गाइडला स्टिलू ख्रिस्तोफीबद्दल नक्की विचारा, वेळ कमी पडला की त्या हा भाग गाळतात. सायप्रसहून आलेली खेडवळ बाई, इंग्रजी येत नव्हतं, सुनेच्या खुनासाठी डिसेंबर १९५४ मध्ये होलोवेलाच फाशी, रूथच्या फक्त सात महिने आधी. वेडाचा बचाव घ्यायला तिने स्वतः नकार दिला. रूथसाठी हजारोंनी सह्या केल्या, हिचं नाव मला इंग्लंडमध्ये इतकी वर्षं राहून माहीत नव्हतं, ताईने विचारलं म्हणून कळलं.