मानधन वेळेवर, संपादक मात्र अस्तित्वातच नाही

वृत्तपत्रांच्या तुटपुंज्या मानधनावर भागत नाही म्हणून इंग्रजी लेखनासाठी परदेशी पोर्टलांकडे वळणाऱ्या मराठी मुक्त पत्रकारांसाठी आणि अनुवादकांसाठी हे लिहीत आहे. ऑनलाइन फसवणूक म्हटले की ओटीपी सांगितला आणि खाते रिकामे झाले, असेच चित्र डोळ्यांसमोर येते. मी सांगते आहे त्या प्रकारात सुरुवातीला आपल्याच खात्यात पैसे जमा होतात, तेही आपल्याकडच्या बहुतेक दैनिकांपेक्षा लवकर, आणि आपण कोणासाठी राबलो हे कळेपर्यंत आपले नाव भलत्याच कामाला लागलेले असते.

या प्रकाराचे सर्वांत नीट नोंदले गेलेले उदाहरण म्हणजे ‘पीस डेटा’. फेसबुक आणि ट्विटर यांनी १ सप्टेंबर २०२० रोजी या संकेतस्थळाशी जोडलेली खाती बंद केल्याचे जाहीर केले. फेसबुकवरील १३ खाती आणि २ पाने त्यात होती, आणि अमेरिकेच्या एफबीआयने दिलेल्या माहितीवरून हा तपास झाला होता. यामागे सेंट पीटर्सबर्गच्या ‘इंटरनेट रिसर्च एजन्सी’शी पूर्वी संबंध असलेली माणसे असल्याचे फेसबुकने सांगितले; २०१६ च्या अमेरिकी निवडणुकीतील ढवळाढवळीमुळे ‘ट्रोल फॅक्टरी’, म्हणजे खोट्या नावांनी समाजमाध्यमांवर प्रचार करणारा कारखाना, म्हणून कुप्रसिद्ध झालेली संस्था ती हीच. संकेतस्थळावर मात्र रशियाचा मागमूसही नव्हता. युद्धविरोध, पर्यावरण, भ्रष्टाचार, साम्राज्यवादाची चिकित्सा असे डाव्या विचारांच्या वाचकाला जवळचे वाटणारे विषय तेथे हाताळले जात. ग्राफिका या विश्लेषण संस्थेच्या अहवालानुसार तेथे इंग्रजीत ५०० हून अधिक आणि अरबीत २०० हून अधिक लेख प्रसिद्ध झाले होते, आणि इंग्रजी लेखांपैकी जेमतेम ५ टक्केच थेट अमेरिकी निवडणुकीविषयी होते. गोणीच्या तोंडाशी निवडक कांदा लावावा तसा बाकीचा सगळा मजकूर तेथे मांडलेला होता.

तो मजकूर लिहिणारे लोक खरे होते, हा या प्रकरणातील सर्वांत वाईट भाग. संपादक म्हणून मिरवणारी माणसे खोटी होती. त्यांचे चेहरे संगणकाने तयार केलेले होते. लेखक मात्र अमेरिकेतील आणि इतर देशांतील हाडामांसाचे मुक्त पत्रकार होते. काहींना समाजमाध्यमांवरून थेट निरोप गेले, तर काहींनी फ्रीलान्स कामे मिळवून देणाऱ्या संकेतस्थळावरील जाहिरात पाहून अर्ज केला. एका लेखाला ७५ डॉलरपर्यंत मानधन मिळेल, असे त्या जाहिरातीत म्हटले होते. कोविडमुळे कामे आटली असताना नवोदित लेखकाला असे बोलावणे येणे म्हणजे घरी चालून आलेली संधीच. या लेखकांची मते उसनी नव्हती, त्यांनी लिहिले ते त्यांना मनापासून पटतही होते. अशी मते आधीपासून असणारी माणसेच हेरली गेली होती, त्यामुळे त्यांना काही वावगे जाणवण्याचे कारणच नव्हते.

माझा अनुभव याच जातीचा आहे. ज्या पोर्टलने मला गाठले त्याचे नाव मी देत नाही, कारण त्यामागे कोणत्या देशाचा पैसा होता हे माझ्याकडील कागदांवरून सिद्ध होत नाही, आणि पुराव्यावाचून बोट दाखवणे हे त्याच लोकांचे काम आहे. डिसेंबर २०२३ मध्ये केंद्र सरकारने कांद्याच्या निर्यातीवर बंदी घातली आणि लासलगाव, पिंपळगावच्या बाजारात भाव कोसळले, तेव्हा मी नाशिक भागातून त्याविषयी लिहीत होते. एका ‘असोसिएट एडिटर’चा ईमेल आला. ‘ग्लोबल साउथ’मधील, म्हणजे विकसनशील देशांतील, शेतकऱ्यांचा आवाज जगापुढे आणणारे स्वतंत्र व्यासपीठ, अशी त्याने ओळख करून दिली होती. माझे आधीचे लेख त्याने खरोखर वाचलेले दिसत होते, प्रश्न नेमके होते आणि भाषा अतिशय अदबीची होती. फोनवर बोलू या म्हटले की मात्र दर वेळी काहीतरी आडवे येई: कधी प्रवास, कधी कॅमेरा बिघडलेला, कधी वेळेतला फरक.

पहिले लेख जसेच्या तसे छापले गेले. पुढे फेरफार सुरू झाले ते लेखाच्या शेपटाकडे. उन्हाळ कांदा चाळीत किती टिकतो, लाल कांदा लगेच का विकावा लागतो, बंदीचा फटका त्यामुळेच लाल कांदा काढणाऱ्याला जास्त का बसला, हे मी सविस्तर लिहिले होते. ते सगळे जागच्या जागी होते. त्याखाली मी न लिहिलेले दोन परिच्छेद होते, ज्यांचा आशय असा की भारतीय शेतकऱ्याच्या या दुर्दशेच्या मुळाशी युक्रेनला शस्त्रे पुरवणाऱ्या देशांचे निर्बंध आहेत. निर्यातबंदी दिल्लीने घातली होती आणि तीही देशांतर्गत भाव आवाक्यात ठेवण्यासाठी. लासलगावच्या आवारात उभ्या असलेल्या कोणत्याही शेतकऱ्याला विचारले असते तर त्याने हेच सांगितले असते. मी हरकत घेतली, तेव्हा ‘आंतरराष्ट्रीय वाचकासाठी संदर्भ जोडला आहे’ असे गोड उत्तर आले, आणि त्याच उत्तरात पुढच्या लेखाचे मानधन वाढवून दिले होते.

शंकेची पाल चुकचुकली ती मात्र बँकेत. परदेशातून पैसे आले की ते कशापोटी आले याचा परपज कोड बँकेला द्यावा लागतो. काउंटरवरच्या बाईंनी पडदा माझ्याकडे वळवून विचारले, “ताई, तुम्ही लेखाचं मानधन म्हणताय, पण पाठवणारी कंपनी तर फर्निचरचा व्यापार करणारी दिसते. तुम्ही नक्की काय विकता?” मागची रक्कम आणखी तिसऱ्याच नावाने आली होती. देयकावर पोर्टलचा नोंदणीकृत पत्ता हवा, असे मी त्या संपादकाला कळवले, तेव्हापासून उत्तरे थांबली. राहिलेले मानधन बुडाले, आणि काही आठवड्यांनी संकेतस्थळही उघडेनासे झाले. माझ्या नावाचा तो लेख मात्र तोवर दुसऱ्या संकेतस्थळांनी उचलला होता, आणि त्यांतील एकावर मी न लिहिलेले परिच्छेदच तेवढे शिल्लक होते. सायबर गुन्ह्यांसाठीच्या १९३० या क्रमांकावर किती पैसे गेले हे आधी विचारतात. आलेल्या पैशांची तक्रार कशी नोंदवायची, याचे उत्तर मला कुठेच मिळाले नाही.

अशा पोर्टलांच्या मागे काय यंत्रणा असते, हे समजून घ्यायचे तर रशियातील ‘फेडरल न्यूज एजन्सी’चा इतिहास पाहावा. २०१४ मध्ये सुरू झालेली ही संस्था सेंट पीटर्सबर्गमधील सावुश्किना रस्त्यावरील ५५ क्रमांकाच्या इमारतीशी, म्हणजे ट्रोल फॅक्टरीच्याच पत्त्याशी, जोडली गेली होती. एकाच छताखाली एका खोलीत बातम्या तयार होत आणि दुसऱ्या खोलीत खोट्या नावांनी त्यांवर प्रतिक्रिया लिहिल्या जात, असे म्हटले तर फार चूक होणार नाही. रशियन पत्रकार ल्युदमिला सावचुक यांनी २०१५ मध्ये सुमारे दोन महिने त्या ट्रोल फॅक्टरीत नोकरी करून आतली कार्यपद्धती चव्हाट्यावर आणली, आणि पुढे कंपनीवर दावा लावला. दाव्याचा मुद्दा लक्षात ठेवण्याजोगा आहे: लेखी करार नाही, कामगार कायद्याचे पालन नाही, पगार थकलेला. भरपाई म्हणून पदरात पडला तो नाममात्र १ रूबल, पण तोवर न दिसणारी कंपनी न्यायालयात उभी राहिली होती. ज्याला लपून राहायचे असते त्याला कागद नकोसा असतो, हे तेव्हाही खरे होते आणि माझ्या देयकाच्या बाबतीतही तेच घडले.

एप्रिल २०१८ मध्ये फेसबुकने फेडरल न्यूज एजन्सीचे पान बंद केले, तेव्हा तिने कॅलिफोर्नियाच्या न्यायालयात फेसबुकविरुद्ध दावा दाखल केला. आम्ही स्वतंत्र वृत्तसंस्था असून आमच्या अभिव्यक्तिस्वातंत्र्यावर घाला घातला गेला, असा तिचा पवित्रा होता. २०१९ मध्ये तो दावा फेटाळला गेला. दरम्यान डिसेंबर २०१८ मध्ये अमेरिकेच्या अर्थखात्याने तिच्यावर निर्बंध लादले होते. तिच्यासह अनेक संकेतस्थळांचा ‘पॅट्रियट’ हा माध्यमसमूह २०१९ मध्ये उभा राहिला आणि त्याच्या विश्वस्त मंडळाच्या प्रमुखपदी ‘वॅग्नर’ या खासगी लष्कराचे सर्वेसर्वा येव्गेनी प्रिगोझिन आले. वर्षानुवर्षे कानावर हात ठेवणाऱ्या याच प्रिगोझिन यांनी फेब्रुवारी २०२३ मध्ये इंटरनेट रिसर्च एजन्सीची कल्पना आपलीच, स्थापनाही आपणच केली आणि ती चालवलीही आपणच, असे उघडपणे सांगितले. जून २०२३ मधील त्यांचे बंड फसले आणि महिना संपता संपता पॅट्रियट समूहाला टाळे लागले. तेथे काम करणाऱ्यांच्या नोकऱ्या मालकाच्या राजकारणाबरोबर गेल्या. वृत्तसंस्था किती ‘स्वतंत्र’ होती याचा याहून वेगळा दाखला नको.

दुकान बंद झाले तरी धंदा थांबलेला नाही. सप्टेंबर २०२४ मध्ये अमेरिकेच्या न्याय विभागाने ‘आरटी’ या रशियन सरकारी वाहिनीच्या दोन कर्मचाऱ्यांवर आरोपपत्र ठेवले. टेनेसी राज्यातील एका कंपनीला (ती ‘टेनेट मीडिया’ असल्याचे लगेच उघड झाले) सुमारे १ कोटी डॉलर गुपचूप पुरवले, असा त्यांच्यावरील आरोप आहे. पैशाचा स्रोत म्हणून ‘एदुआर्द ग्रिगोरियान’ नावाचा एक बँकर उभा करण्यात आला होता, जो प्रत्यक्षात कुठेच नव्हता. त्याच्या एकपानी परिचयपत्रावर खासगी विमानाच्या खिडकीतून बाहेर पाहणाऱ्या सुटाबुटातील माणसाचे छायाचित्र होते, आणि त्याच्या नावाने आलेल्या काही ईमेलांत या गृहस्थांना स्वतःचे आडनावही नीट लिहिता आले नव्हते. कंपनीच्या एका संस्थापकाने त्याच्या उत्तराची वाट पाहताना ‘मॉस्कोत आता किती वाजले’ असे इंटरनेटवर शोधल्याचीही नोंद आरोपपत्रात आहे. ज्यांचे व्हिडिओ या पैशातून बनले त्यांतील काही नामवंत भाष्यकारांनी आपण फसवले गेलो असे जाहीर केले. एका भाष्यकाराचा करार तर महिन्याला ४ लाख डॉलरचा होता. तेवढ्या रकमेत एखादा वकील लावून या बँकरची चौकशी करता आली असती, असे माझ्यासारखीला वाटल्यावाचून राहत नाही.

तेव्हा नव्या पोर्टलचे बोलावणे आले तर चौकशी छायाचित्रापासून सुरू करावी. संगणकाने बनवलेल्या जुन्या पद्धतीच्या चेहऱ्यांत डोळे प्रत्येक चित्रात नेमके एकाच जागी येतात, दोन कानांचा आकार जुळत नाही आणि मागची पार्श्वभूमी विरघळल्यासारखी दिसते. मात्र आजची साधने यापुढे गेली आहेत, म्हणून चेहऱ्यावर थांबू नये. व्हिडिओ कॉलवर समोर यायला दुसऱ्यांदा टाळणाऱ्या संपादकाला लेख देऊ नये. डोमेन, म्हणजे संकेतस्थळाचा पत्ता, कधी नोंदवले गेले ते पाहावे, आणि दहा वर्षांची परंपरा सांगणाऱ्या संस्थेचे डोमेन गेल्या महिन्यातले निघाले तर तेथेच पत्रव्यवहार आटोपता घ्यावा. नावाजलेल्या वृत्तपत्राचे नाव दिसले तरी पत्त्याचे शेपूट वाचावे: अमेरिकेने सप्टेंबर २०२४ मध्येच जप्त केलेल्या ३२ डोमेनांत नामांकित वृत्तमाध्यमांच्या हुबेहूब नकला होत्या, आणि ‘फॉक्स न्यूज’ची एक नक्कल तर चक्क भारताच्या ‘डॉट इन’ या पत्त्यावर होती.

कराराचा आग्रह धरताना त्यात दोन वाक्ये हवीतच: माझ्या लेखी संमतीशिवाय मजकुरात भर घालता येणार नाही, आणि मानधन करारातील संस्थेच्याच खात्यातून येईल. दुसऱ्या वाक्याला भारतात कायद्याचे वजन आहे. परकीय अंशदान नियमन कायदा, २०१० च्या कलम ३ नुसार नोंदणीकृत वृत्तपत्राचे वार्ताहर, स्तंभलेखक, व्यंगचित्रकार आणि संपादक यांना परकीय देणगी घेता येत नाही. कलम ४ मध्ये केलेल्या कामाच्या मोबदल्याला सूट आहे, पण ती सांगण्यासाठी काम कोणाचे केले हे दाखवता यायला हवे, आणि देयक एका नावाचे व पैसे फर्निचरवाल्याचे असतील तर तेथेच अडचण सुरू होते. अशी रक्कम आधीच जमा झाली असेल तर बँकेकडून परकीय रकमेच्या आवकेचे प्रमाणपत्र मागून घ्यावे, त्यावर पाठवणाऱ्याचे नाव असते. आपण पाठवलेला मूळ मजकूर ज्या ईमेलला जोडला होता तो ईमेल पुसू नये, आणि लेख प्रसिद्ध झाला त्या दिवशीच पानाची प्रत इंटरनेट आर्काइव्हवर जतन करून ठेवावी. न लिहिलेल्या परिच्छेदांबद्दल उद्या कोणी जाब विचारला, तर दाखवायला एवढेच हाताशी राहते.